सापाच्या डोंगरात मेण आणि नीळ: ह्मोंग बाटिक शिकायला जाताना

उत्तर व्हिएतनाममधल्या सापा गावात बसमधून उतरलात की तासाभरात कुणीतरी मोबाईलवरचा फोटो नाकासमोर धरतं, 'बाटिक, टू अवर, व्हेरी इझी!' बाटिक म्हणजे कापडावर मेणाने नक्षी काढून मग ते रंगवणं; मेण असतं तिथे रंग चढत नाही. दोन तासांत रुमालाएवढ्या कापडावर मेणाची चार फुलं काढायची, कापड शिकवणाऱ्या बाईंकडे ठेवून जायचं आणि दुसऱ्या दिवशी रंगवलेला रुमाल हॉटेलवर आयता घ्यायचा. पहिल्या खेपेला मीही हेच केलं. रुमाल छान आहे, अजून चष्मा पुसायला वापरते. पण नीळ कापडाला कशी धरते ते मात्र कळलं नाही, कारण ती धरत होती तेव्हा मी तिथे नव्हतेच. दुसऱ्या खेपेला चार दिवस हाताशी ठेवले, वीतभर रुंद आणि हातभर लांब एवढंच कापड घेतलं, आणि ते पहिल्या रेघेपासून शेवटच्या धुण्यापर्यंत स्वतः केलं. शिकायचंच असेल तर माझा पहिला सल्ला हाच: कापड लहान घ्या, दिवस जास्त द्या.

ह्मोंग हे इथले डोंगरी लोक, मूळचे दक्षिण चीनमधले. तिथे सरकारदरबारी त्यांची गणना मियाओ लोकांत होते. अठराव्या-एकोणिसाव्या शतकात त्यांची बरीच कुटुंबं डोंगराडोंगरांनी खाली व्हिएतनाम, लाओस आणि थायलंडमध्ये उतरली. सापाच्या आसपास राहतात ते 'काळे ह्मोंग'. त्यांचे कपडे काळे दिसतात, पण तो काळा नसतो. पुन्हा पुन्हा नीळ पाजून गडद केलेला निळा असतो, उन्हात बाही वळली की कळतं.

कुठे आणि कधी

मुंबईहून हनोईला थेट विमानं आहेत. भारतीय पासपोर्टवर ई-व्हिसा मिळतो आणि ऑगस्ट २०२३ पासून तो ९० दिवसांपर्यंतचा असतो. हनोईहून सापाला बसने साधारण सहा तास लागतात. रात्रीची रेल्वे लाओ काय शहरापर्यंत जाते, तिथून पुढे घाटाचा रस्ता. हनोईत एक दिवस मिळाला तर तिथलं मानववंश संग्रहालय सोडू नका. ह्मोंग घर, माग, मेणाची लेखणी हे सगळं आधी डोळ्यांखालून गेलं की गावात नेमके प्रश्न विचारता येतात.

सापाला लागून असलेलं कात कात हे गाव तिकीट काढून बघायचं गाव झालं आहे. फोटोंना ठीक, शिकायला नाही. दरीत खाली लाओ चायच्या बाजूला, किंवा दुसऱ्या दिशेला ता फिनकडे, घरगुती मुक्काम घेऊन राहिलात तर अंगणात निळीचं पिंप (ज्यात बुडवून कापड रंगवतात ते) असलेलं घर सापडतं. पूर्वीच्या हा ज्यांग प्रांतातल्या (२०२५ पासून तो त्वेन क्वांग प्रांतात विलीन झाला आहे) लुंग ताम गावात बायकांची सहकारी संस्था आहे. तिथे हेंपचं, म्हणजे भांगेच्या जातीच्या रोपाचं, सूत काढण्यापासून विणण्यापर्यंतचं सगळं काम एका ठिकाणी दिसतं, पण तो वेगळा आणि लांबचा प्रवास. लाओसला जाणार असाल तर लुआंग प्रबांगमध्ये ऑक पॉप टॉक या संस्थेत ह्मोंग बाटिकचे रीतसर वर्ग चालतात. डोंगरातल्या पायवाटा नको असलेल्यांना, किंवा आईवडिलांना घेऊन जाणाऱ्यांना, ते सोयीचं.

वेळ निवडताना पर्यटनाचं नव्हे, शेतीचं कॅलेंडर बघा. इथे भाताचं वर्षाला एकच पीक. मे-जूनमध्ये लावणी आणि सप्टेंबरमध्ये कापणी, त्या दिवसांत कुठल्याच बाईला तुमच्यासाठी फुरसत नसते. डिसेंबर-जानेवारीत थंडी हाडात शिरते, मेण लेखणीवरच गोठतं आणि निळीचं पिंपही मंदावतं. निळीची पानं तोडून कुजवताना बघायची असतील तर जुलै-ऑगस्ट, पावसाची तयारी ठेवून. नुसतं बाटिक शिकायचं असेल तर कापणी उरकल्यावरचा ऑक्टोबर आणि नोव्हेंबरचा पहिला पंधरवडा उत्तम. नव्या वर्षासाठी नवे कपडे करायची लगबग त्याच सुमाराला सुरू होते, त्यामुळे बायका स्वतःच्या कामात गढलेल्या दिसतात. ते बघत बसणं हा अर्धा वर्गच.

सामान फार लागत नाही. खराब झाले तरी चालतील असे गडद कपडे, रबरी हातमोजे (नखं महिनाभर निळी चालणार असतील तर तेही नकोत), एक वही, आणि शाकाहारी असाल तर 'आन चाय' हे दोन शब्द. चहा नव्हे, शाकाहार. मोठ्या बाईला व्हिएतनामीत 'ची' म्हणजे ताई म्हणतात. ह्मोंगमध्ये नमस्काराला साधारण 'न्यो झाँ' म्हणतात. त्यांच्या रोमन लिपीत शब्दाच्या शेवटी येणारं व्यंजन उच्चारायचं नसतं, ते फक्त सूर दाखवतं. पाटीवरचं वाचून बोलायला गेलात तर समोरची बाई आधी हसेल, मग दुरुस्त करेल. ओळख व्हायला तेवढं पुरतं.

शिकवणारी ठरवताना

पैशांचं बोलण्याआधी एक गोष्ट विचारा: 'तुमचं पिंप बघू का?' ज्या घरात पिंप जिवंत आहे तिथे झाकण उचललं की एक उग्र, ओलसर, किंचित गोठ्यासारखा वास येतो. पृष्ठभागावर तांबूस चमक असते आणि वर जांभळट-निळा फेस. पिंप दुसऱ्याच कुणाकडे असेल तर तुमचं शिक्षण मेणापाशीच थांबणार. मग विचारा की कापड हेंपचं आहे की सुती, आणि मेण मधमाशीचं की मेणबत्तीचं. बहुतेकजणी दोन्ही मिसळतात, त्यात फसवणूक नाही. मधमाशीचं मेण लवचिक राहतं, मेणबत्तीचं तडकतं, म्हणून आपल्याला हवं तसं मिश्रण करतात.

किती दिवस, किती बुड्या (कापड निळीत किती वेळा बुडवायचं), जेवण धरून की सोडून, हे आधी स्पष्ट करा. घासाघीस करू नका असं मी म्हणणार नाही, पण दिवसाच्या मजुरीच्या हिशेबाने करा, रुमालाच्या किमतीच्या हिशेबाने नको. पैसे शक्यतो शिकवणाऱ्या बाईच्या हातातच द्या. बाजारात चीनमधून येणारं छापील कापड 'हँडमेड बाटिक' म्हणून सर्रास विकलं जातं. ते ओळखायची सोपी खूण म्हणजे कापड उलटं करणं. खऱ्या बाटिकमध्ये मेण आरपार गेलेलं असतं, त्यामुळे नक्षी मागूनही जवळजवळ तेवढीच स्पष्ट दिसते. छापील कापडाची पाठ फिकट असते.

कापड

हेंप म्हणजे आपला ताग नव्हे, अंबाडीही नव्हे. हे भांगेच्याच जातीचं रोप आहे, पण धाग्यासाठी दाट पेरून उंच वाढवलेलं. त्याची साल सोलून, धागा धाग्याला जोडून, राखेच्या पाण्यात उकळून, मग विणतात. विणलेलं कापड खरखरीत असतं. ते गोल ओंडक्यावर ठेवून वर सपाट दगड ठेवतात, आणि बाई त्या दगडावर उभी राहून डावी-उजवीकडे झुलत ते घोटते. मेणाची रेघ सरळ यायला कापड असं गुळगुळीत लागतं. हेंपला नुसत्या कापडापलीकडे मान आहे. मेलेल्या माणसाच्या अंगावर हेंपचं वस्त्र असलं तरच पलीकडे पूर्वज त्याला ओळखतात, अशी ह्मोंगांची श्रद्धा. त्यामुळे घरात घडी करून ठेवलेलं एखादं जुनं वस्त्र दिसलं तर 'हे विकता का' विचारू नका. ते बहुधा कुणाच्या तरी शेवटच्या प्रवासासाठी जपलेलं असतं.

नवशिक्याने घट्ट विणीचं सुती कापड घ्यावं. खळ असेल तर आधी गरम पाण्यात धुऊन वाळवा, खळ राहिली तर नीळ डागाडागांनी धरते.

लेखणी आणि पहिली रेघ

जावाच्या बाटिकमध्ये मेण ओतायला चोच असलेली छोटी वाटी वापरतात, म्हणून तिथली नक्षी वळणावळणाची. ह्मोंग लेखणी वेगळीच. बांबूच्या दांडीच्या टोकाला तांब्या-पितळेची दोन-तीन तिकोनी पाती एकावर एक बांधलेली असतात आणि मेण त्यांच्या मधल्या फटीत राहतं. अशा लेखणीने गोल काढणं जिवावर येतं, सरळ रेघ मात्र सुरेख येते. म्हणूनच इथली नक्षी चौकटी, त्रिकोण, समांतर रेघा आणि रेघारेघांनी वळवलेल्या गोगलगाईच्या गुंडाळीची. ठिपक्यांची रांगोळी काढलेल्या हाताला हे लवकर जमतं. आधी चौकटींचं जाळं, मग चौकटीत नक्षी, असाच क्रम आहे.

मला शिकवणाऱ्या बाईंनी अंगठ्याच्या नखाने कापडावर खुणा करायला लावल्या. पेन्सिल नाही, पट्टी नाही. कापड दुमडायचं, घडीवर नख ओढायचं, उलगडायचं. मांडीवर गुळगुळीत फळी, फळीवर कापड, शेजारी निखाऱ्यांवर मेणाची वाटी.

मधमाशीचं मेण ६२ ते ६५ अंशांना वितळतं, पण वितळलं म्हणजे लिहिण्याजोगं झालं असं नाही, ते अजून तापावं लागतं. तापमापक कुणाकडे नसतो, कापडच सांगतं. रेघ ओढल्यावर कापड तिथे तेलकट, पारदर्शक दिसलं आणि उलट बाजूलाही रेघ उमटली, तर ताव बरोबर. रेघ पिवळट-पांढरी होऊन कापडावर नुसती बसून राहिली तर मेण थंड आहे, तिच्या खालून नीळ शिरणार. रेघ कडांनी पसरली आणि मेणातून धूर निघाला तर वाटी लगेच निखाऱ्यांवरून उतरवा.

आता हाताचं बघा. लेखणी मेणात बुडवून क्षणभर तशीच ठेवायची, म्हणजे पातीही तापतात. उचलल्यावर वाटीच्या काठाला एकदा टेकवून जास्तीचा थेंब सोडायचा, आणि मग वेळ न घालवता पात्याची पूर्ण धार कापडावर टेकवून आपल्याकडे ओढायची. मनगट हलवायचं नाही, खांद्यापासून हात मागे घ्यायचा. माझ्या पहिल्या वीस रेघांच्या सुरुवातीला एकेक गोळा आला, कारण लेखणी टेकवून मी विचार करत बसत होते. बाईंनी माझी कोपरं धरून दोनदा ओढली, एक शब्द न बोलता, तेव्हा कुठे जमलं. मेण संपत आलं की रेघ बारीक होते. ती तुटायच्या आत उचलायची आणि पुढची रेघ आधीच्या टोकावर किंचित चढवून सुरू करायची.

मेण चुकीच्या जागी पडलं तर पडलं. खरवडून काढलं तरी तेलकटपणा राहतो आणि रंग तिथे धरत नाही. अनुभवी बायका त्या थेंबालाच नक्षीत ओढून घेतात.

नक्षीच्या अर्थांबद्दल जरा सावध राहा. गोगलगाय म्हणजे वाढतं कुटुंब, हत्तीचं पाऊल, काकडीच्या बिया, अशी नावं ऐकायला मिळतात. पण शेजारच्या घरात त्याच आकृतीला वेगळं नाव असतं, आणि पुष्कळदा 'आजी काढायची म्हणून' एवढंच उत्तर मिळतं. तेही पूर्ण उत्तर आहे.

निळीचं पिंप

सापाच्या ओलसर सावलीत वाढणारी नीळ आपल्या बंगाल-बिहारच्या इतिहासातल्या निळीच्या झुडपाची नव्हे. ती शेंगवर्गातली, ही स्ट्रोबिलँथेस या वंशातली, म्हणजे सह्याद्रीत सात-आठ वर्षांनी फुलणाऱ्या आपल्या कारवीची सख्खी चुलत बहीण. पानं बघितल्यावर मला कारवीच आठवली. रंगाचं द्रव्य मात्र दोन्ही निळींत एकच.

पानं दोन-तीन दिवस पाण्यात कुजवतात. पाणी हिरवट-निळं झालं की पानं काढून टाकतात, विरलेला चुना घालतात, आणि पाणी उंचावरून ओतून-ओतून घुसळतात. फेस निळा होतो, गाळ तळाला बसतो, आणि तो गाळ म्हणजे नीळ. पण ही नीळ पाण्यात विरघळत नाही, त्यामुळे नुसती कालवून कापड रंगत नाही. म्हणून पिंपात राखेचं निवळ पाणी आणि तांदळाची दारू घालून ती आंबवतात. आंबताना पिंपातले जिवाणू निळीचं रूप बदलतात, ती विरघळते आणि पाणी पिवळट-हिरवं होतं. कापड त्यात बुडवून हवेत आणलं की हवेतल्या प्राणवायूमुळे नीळ मूळ रूपात येते, पुन्हा न विरघळणारी होते, आणि धाग्यात अडकून बसते. पिंपाची तब्येत बघायला बाई बोट बुडवून जिभेला लावते. तुम्ही लावू नका, राखेचं पाणी चांगलंच क्षारयुक्त असतं.

मेण आणि नीळ यांची जोडी का जमली, हेही इथेच कळतं. बरेचसे वनस्पतिरंग कापड उकळल्याशिवाय चढत नाहीत, आणि उकळलं की मेण जातं. नीळ थंड पाण्यात चढते.

बुडीची रीत अशी. कापड आधी साध्या थंड पाण्यात भिजवायचं, पिळायचं नाही, मेण तडकतं. पिंपाचा फेस बाजूला सारायचा, कापड हळूच सोडायचं आणि पृष्ठभागाखाली ठेवायचं. पाच ते दहा मिनिटं पुरे. ढवळायचं नाही, छपछप करायची नाही. जेवढी हवा आत जाईल तेवढं पिंप दमतं. काढतानाही निथळतं पाणी वरून धारेने पडू देऊ नका. बाहेर आलेलं कापड पिवळट-हिरवं असतं आणि बघता बघता, मोजून मिनिट-दोन मिनिटांत, कडांकडून मध्याकडे निळं होत जातं. हे मी पंधरा-वीस वेळा तरी बघितलं, आणि प्रत्येक वेळी हातातलं काम थांबवून बघितलं.

मग वीस मिनिटं सावलीत हवा, साध्या पाण्यात एकदा खळबळणं, पुन्हा बुडी. दिवसात चार-पाच बुड्या झाल्या की पिंपाला विश्रांती. रात्री बाई त्यात थोडी दारू आणि राखेचं पाणी घालते. ओल्या कापडाचा रंग वाळल्यावर बराच फिका होतो, त्यामुळे हवी त्यापेक्षा दोन छटा गडद झाल्याशिवाय थांबू नका. मला दोन दिवसांत नऊ बुड्या मिळाल्या आणि मध्यम निळा आला. ह्मोंग कपड्यांचा तो जवळजवळ काळा रंग यायला आठवडे जातात. चार दिवसांत तो देतो म्हणणाऱ्याकडे रासायनिक रंगाचा डबा असतो.

माझी चूक इथे सांगून ठेवते. तिसऱ्या दिवशी दोन दिवसांच्या झिमझिमीनंतर लख्ख ऊन पडलं. आपली सवय, ऊन दिसलं की वाळत घालायचं. मी कापड उन्हात कठड्यावर टाकलं आणि जेवायला बसले. परत येईपर्यंत गडद कापड तापून एका कोपऱ्यातलं मेण मऊ झालं होतं आणि चार बारीक रेघा एकमेकींत मिसळल्या होत्या. पुढच्या बुडीत तिथे एक धूसर पट्टा आला. मेण अंगावर असेपर्यंत कापड सावलीतच ठेवा.

मेण उतरवणं

शेवटच्या बुडीनंतर कापड एक रात्र तरी हवेत राहू द्या. घाई करून गरम पाण्यात टाकलं तर धाग्यात पक्की न झालेली नीळ पाण्यात उतरते आणि पांढऱ्या रेघा आकाशी होतात. मोठ्या पातेल्यात पाणी उकळायचं, कापड सोडायचं, काठीने वरखाली करायचं. मेण वर तरंगतं. पातेलं गार झाल्यावर त्याची चकती उचलून परत वाटीत जाते. वर्षानुवर्षं अशी फिरलेली मेणाची वाटी काळपट-निळी झालेली असते, त्यामुळे नवीन पिवळं मेण बघून उगाच खूश होऊ नका. पहिल्या उकळीनंतर रेघा हाताला चिकट लागतात, म्हणून दुसरी उकळी ताज्या पाण्यात. मग साबण, साधं पाणी आणि शेवटी बादलीभर पाण्यात दोन चमचे व्हिनेगर, म्हणजे राखेचा क्षार निघतो. त्यानंतरही पहिले चार-पाच धुणे वेगळे करा.

वेळ अपुरा पडला तर मेण तसंच ठेवून कापड गुंडाळून आणता येतं. घडी नको, नळकांड्यावर गुंडाळा, आणि प्लास्टिकच्या दोन पिशव्यांत. लेखणी बाईकडूनच विकत घ्या. पाती निसटली तर पुन्हा कशी बांधायची तेही बघून घ्या, बांधणीतच सगळं आहे. भांगेच्या बिया किंवा पानं मात्र आठवण म्हणूनही आणू नका.

घरी आल्यावर

इथे एक घोटाळा हमखास होतो. किराणा दुकानात 'नीळ' मागितलीत तर पांढऱ्या कपड्यांना घालायची नीळ मिळेल. ती वनस्पतीची नव्हे, तिने बाटिक होणार नाही. नैसर्गिक निळीची पूड लागते. तमिळनाडूत ती अजून पिकते आणि वस्त्ररंगाचं सामान विकणाऱ्यांकडे मिळते.

राखेचं आंबवलेलं पिंप फ्लॅटमध्ये सांभाळणं म्हणजे शेजाऱ्यांशी वैर. त्याऐवजी सोपं प्रमाण वापरा: वजनाने एक भाग नीळ, दोन भाग विरलेल्या चुन्याची पूड, तीन भाग फ्रुक्टोज (फळांतली साखर). दहा लिटरच्या झाकणाच्या बादलीला ५० ग्रॅम, १०० ग्रॅम आणि १५० ग्रॅम. साधी साखर चालत नाही. फ्रुक्टोज न मिळाल्यास अतिपिकलेली केळी उकळून त्यांचं गाळलेलं पाणी घेतात. नीळ आधी थोड्या गरम पाण्यात घोटून घ्या, गुठळी राहिली तर कापडावर ठिपके उठतात. मग बाकीचं घालून, गरम पाण्याने बादली भरून, अलगद ढवळून झाकून ठेवा. काही तासांत, कधी दुसऱ्या दिवशी, खालचं पाणी पिवळट होतं आणि वर तांबूस साय येते. मेणाचं कापड मात्र पाणी पूर्ण गार झाल्यावरच सोडा. चुना डोळ्यांत जाणार नाही याची काळजी घ्या, मुलांना लांब ठेवा.

मेण थेट गॅसवर कधीच तापवू नका. पाण्याच्या पातेल्यात वाटी ठेवून वितळवा, आणि पेटलंच तर पाणी न ओतता झाकण टाका. या पद्धतीत मेण सापातल्या निखाऱ्यांइतकं तापत नाही, त्यामुळे रेघा थोड्या जाड काढा आणि उलट बाजूनेही एकदा गिरवा. मे महिन्यात, पंखा बंद करून बसलात तर घामाने जीव जातो, पण लेखणीवर मेण गोठत नाही. मी आता माझे प्रयोग एप्रिल-मेसाठीच राखून ठेवते.